परड्यात दर उन्हाळ्यात होले मरतात? आधी पाण्याची थाळी बघा

सलग तीन उन्हाळे आमच्या परड्यात होले मेले. बेळगावच्या वडगावात आमचं जुनं घर आहे. मागं चिक्कू, पेरू, एक आंबा आणि कढीपत्त्याचं दाट बेट. मार्च लागला की आंब्याखाली मातीची पसरट थाळी पाण्यानं भरायची आणि कट्ट्यावर मूठभर जोंधळे टाकायचे, हा सासूबाईंच्या काळापासूनचा रिवाज. पहिल्या वर्षी चार होले आणि एक पारवा गेला. ऊन लागलं असेल, असं म्हणून आम्ही गप्प बसलो. दुसऱ्या वर्षी सहा गेले. कुणीतरी विष घालतंय असा संशय आला आणि गल्लीत उगाच मनं बिघडली. तिसऱ्या वर्षी शेजारच्या अक्कांनी भिंतीवरून हाक मारली, "अगं, तो होला बघ की जरा. दाणा उचलायलाय आन् टाकायलाय. काय तर झालंय बघ त्याच्या गळ्याला."

मी थांबून बघत बसले. खरंच, होला चोचीत दाणा घ्यायचा, मान दोनदा हलवायचा आणि दाणा खाली पडायचा. पिसं फुगलेली, चोचीच्या कडेची पिसं ओली आणि चिकट. माणूस जवळ गेलं तरी उडायची इच्छा नाही. पुठ्ठ्याच्या खोक्यात घालून ओळखीच्या पशुवैद्यांकडे नेला. त्यांनी हातमोजे घालून चोच उघडली, टॉर्च मारला आणि मला बोलावून दाखवलं. घशात नासलेल्या दुधाच्या चोथ्यासारखा पिवळट थर जमला होता. वासही तसाच आंबूस. "याला भूक आहे, पण वाट नाही," ते म्हणाले. तो होला संध्याकाळी गेला.

तुमच्या परड्यातही दर वर्षी हेच होत असेल, तर आम्ही तीन वर्षांत जे शिकलो ते तुम्हाला एका दिवसात कळावं म्हणून हे लिहिते आहे.

घशाचा रोग नेमका काय आहे

कबुतरं पाळणारे याला कँकर म्हणतात. ट्रायकोमोनास नावाचा एकपेशीय जंतू पक्ष्याच्या तोंडात, घशात आणि अन्नाच्या पिशवीत वाढतो. पारवे आणि होले हे त्याचं नेहमीचं घर. कित्येक पारव्यांच्या घशात तो असतो आणि त्यांना काही होतही नाही. पण पिलं, अशक्त पक्षी, उन्हानं दमलेले पक्षी यांच्यात तो जोर धरतो. थर वाढत जातो, गिळणं बंद होतं, कधी श्वासही अडतो. पक्षी शेवटी उपासमारीनं मरतो, आणि तेसुद्धा दाण्यांच्या ढिगासमोर. हे मला अजून सहन होत नाही.

होल्यांनाच तो जास्त का होतो, याचं उत्तर त्यांच्या संसारात आहे. पारवे-होले पिलांना किडे भरवत नाहीत. अन्नाच्या पिशवीत तयार होणारा दुधासारखा चीक ते पिलाच्या चोचीत ओततात. आईबापांच्या घशातला जंतू तिथूनच पिलाकडे जातो. ही वाट आपण बंद करू शकत नाही. दुसरी वाट मात्र आपणच तयार करतो, ती म्हणजे पाण्याची थाळी. आजारी पक्षी पाणी पितो, तेव्हा त्याची लाळ पाण्यात उतरते. गिळता न आलेला, लाळेनं माखलेला दाणा तो परत टाकतो, तो दुसरा पक्षी उचलतो. उन्हाळ्यात ओढे, डबकी आटली की अख्ख्या गल्लीतले पक्षी त्याच एका थाळीवर येतात.

आता आमची चूक सांगते, कारण बहुतेक घरांत हीच चूक होते. आम्ही रोज पाणी घालत होतो, पण ओतून टाकत नव्हतो. थाळीतलं पाणी कमी झालं की वरून तांब्या रिकामा करायचा, एवढंच. तळाला हिरवट बुळबुळीत थर बसलेला असायचा, त्यात विष्ठा, दाण्याची टरफलं. त्यात भर घातली की थाळी भरलेली दिसायची आणि आपल्याला पुण्य केल्यासारखं वाटायचं. प्रत्यक्षात चार महिने आम्ही त्या जंतूला सांभाळत होतो. हा जंतू ओलीत तग धरतो, पण पूर्ण कोरडं पडलं की लवकर मरतो. त्याला मारायला महागडं काही लागत नाही, बेळगावच्या एप्रिलमधलं ऊन पुरतं. पण त्यासाठी थाळी रिकामी हवी.

हा रोग माणसाला किंवा कुत्र्या-मांजराला होत नाही. शिक्रा आणि घुबडं मात्र आजारी पारवा खाऊन आजारी पडतात. इंग्लंडमध्ये २००५ पासून हाच रोग बागेतल्या ग्रीनफिंच नावाच्या छोट्या पक्ष्यांत पसरला आणि तिथली त्यांची संख्या निम्म्याहून खाली आली. तिथंही लोक प्रेमानंच दाणा-पाणी ठेवत होते.

काय केलं, कसं केलं

पहिलं काम सगळ्यात कठीण होतं. दाणा आणि पाणी दोन्ही तीन आठवडे पूर्ण बंद केलं. ऐन एप्रिलात रिकाम्या कट्ट्यावर येऊन बसणारे पक्षी बघून सासूबाईंचा जीव तुटत होता, माझाही. पण आजारी पक्षी दिसायला लागले की गर्दी मोडणं हाच उपाय. पक्षी पांगतात, शिवारातल्या पाटावर, विहिरीच्या काठावर जातात. एकाच थाळीत दहा चोची बुडत नाहीत. तुमच्याकडं आजूबाजूला पाणी अजिबातच नसेल, तर एका मोठ्या थाळीऐवजी लहान वाट्या लांब लांब ठेवा आणि दिवसातून दोनदा धुवा. पण दाणा बंदच ठेवा.

तीन आठवड्यांनी पुन्हा सुरू केलं ते वेगळ्या पद्धतीनं. थाळ्यांचे दोन जोड आणले. आज पहिला जोड बाहेर, दुसरा गच्चीवर उन्हात पालथा. उद्या उलट. सकाळी उरलेलं पाणी झाडाच्या बुंध्याशी ओतायचं, नारळाच्या काथ्यानं आणि साबणानं घासायचं, स्वच्छ विसळायचं आणि खडखडीत वाळवायचं. मातीचं भांडं ओल धरून ठेवतं, म्हणून त्याला पूर्ण दिवसाचं ऊन द्यायलाच हवं. आठवड्यातून एकदा घरगुती ब्लीच एक भाग आणि पाणी नऊ भाग अशा द्रावणात दहा मिनिटं बुडवायचं, मग भरपूर पाण्यानं विसळायचं. आधी घासायचं, मगच ब्लीच. घाण तशीच असेल तर ब्लीचचा जोर तिथंच संपतो. आणि संडास धुवायचं अ‍ॅसिड ब्लीचमध्ये कधीही मिसळू नका, त्यातून विषारी वायू निघतो. ही घासणी, बादली वेगळी ठेवा. स्वयंपाकघराच्या मोरीत हे काम करू नका.

पाणी दोन बोटं खोल पुरतं. थाळी फांदीखाली ठेवली की वर बसलेल्या पक्ष्यांची विष्ठा सरळ पाण्यात पडते, म्हणून आमची थाळी आता आंब्याखालून हलवून भिंतीच्या सावलीत ठेवली आहे. जागाही दर आठवड्याला चार-पाच हात सरकवतो.

दाण्याचं म्हणाल तर संध्याकाळपर्यंत संपेल एवढाच टाका. अंधार पडला की कट्टा झाडून घ्यायचा. राहिलेल्या दाण्यावर रात्री घुशी येतात, त्यांच्या मुतातून पावसाळ्यात लेप्टो तापाचा धोका, म्हणजे घरच्या माणसांनाच. बुरशी आलेले शेंगदाणे, शिळा आंबलेला भात, फरसाण, बुंदी हे पक्ष्यांना घालू नये. पितृपक्षात छतावर कावळ्यासाठी पान ठेवतो, तेही संध्याकाळी उचलावं. श्रद्धा कमी होत नाही त्यानं.

पाण्यात औषध मिसळायचं का, असं मला खूप जण विचारतात. नको. रानपक्षी किती पाणी पिणार, हे आपल्या हातात नसतं. एकाला जास्त जातं, एकाला पुरत नाही, आणि कमी मात्रेनं जंतू औषधाला सरावतो. पाळलेल्या कबुतराला डॉक्टर मोजून गोळी देतात, ती गोष्ट वेगळी.

चौथ्या उन्हाळ्यात आमच्याकडं एकच होला मेला, आणि त्याला मांजरानं धरलेलं मी स्वतः बघितलं. एका परड्यावरून सगळ्यांचं सांगता येणार नाही. पण अक्कांच्या घरी आणि समोरच्या दोन घरांत तीच पद्धत सुरू झाली आणि तिथंही फरक दिसला.

घशात काही नसेल तर?

प्रत्येक मेलेला पक्षी या रोगानंच मेलेला नसतो. लक्षण नीट बघा, कारण उपाय लक्षणावर बदलतो.

साळुंकीच्या किंवा बुलबुलच्या डोळ्याभोवती, चोचीच्या मुळाशी, पायावर चामखिळीसारख्या गाठी दिसल्या तर ती देवी. कोंबड्यांना होते तशीच, रानपक्ष्यांनाही होते. ती मुख्यतः डास चावून पसरते, शिवाय एकाच जागी अंग घासूनही. डोळे आणि चोच मोकळे राहिले तर बरेच पक्षी काही आठवड्यांत आपोआप बरे होतात. म्हणून धरायला धावू नका, पकडण्याच्या धसक्यानंच ते जास्त खचतात. इथंही उपाय तोच, साचलेलं पाणी रोज ओता. थाळी, कुंड्यांखालच्या बशा, टायर, फुटका माठ, जिथं डासाची अळी वाढते ते सगळं.

पारव्याची मान पिळल्यासारखी वाकडी, डोकं उलटं, एकाच जागी गोल गोल फिरणं, ही मानमोडीची खूण. हिलाच राणीखेत म्हणतात, उत्तराखंडातल्या राणीखेतवरून. हा विषाणू कोंबड्यांमधून रानपक्ष्यांत आणि पारव्यांमधून कोंबड्यांत दोन्ही बाजूंनी जातो. शहापूर-वडगावापासून येळ्ळूर-कडोलीपर्यंत बहुतेक घरांत चार गावठी कोंबड्या असतातच, आणि त्या होल्यांबरोबर एकाच कट्ट्यावर टिपतात. तुमच्या कोंबड्या असतील तर त्यांचं खाणं-पाणी वेगळं, झाकलेल्या जागी ठेवा. लस वेळेवर द्या. पिलांना पहिल्या आठवड्यात लासोटाचे थेंब आणि सहा ते आठ आठवड्यांची झाली की आरटूबीची सुई, हा वेळापत्रकाचा गाभा. बाकी तुमच्या जनावरांच्या दवाखान्यात विचारा. मोरही या रोगाला बळी पडतात, म्हणून शेतवस्तीवर याची काळजी जास्त घ्यायला हवी.

चिमण्या एकाच ठिकाणी फुगून, डोळे मिटून बसलेल्या आणि शेपटीखालची पिसं घाणीनं चिकटलेली असतील, तर साल्मोनेला नावाचा जंतू असू शकतो. तो विष्ठेतून दाण्यात जातो. हा माणसालाही लागतो आणि आजारी चिमणी खाणाऱ्या मांजरालाही. लहान मुलं कट्ट्यावर खेळत असतील तर हात साबणानं धुवायला लावा, हे सांगायचा कंटाळा करू नका.

एक-दोन दिवसांत पाच-दहा कावळे किंवा वेगवेगळ्या जातींचे पक्षी एकदम पडले, तर स्वतः शोध घेत बसू नका. भारतात बर्ड फ्लू पहिल्यांदा २००६ साली नंदुरबारच्या नवापूरला कोंबड्यांत सापडला, आणि २०२१ च्या जानेवारीत कितीतरी राज्यांत आधी कावळेच पडले होते. त्यांना हात न लावता लगेच पशुसंवर्धन खात्याला कळवा. कोंबड्या खुराड्यात बंद करा.

आणि काही मृत्यू रोगाचे नसतातच. जून महिन्यात पेरणीच्या वेळी शेताच्या कडेला मोर तडफडताना दिसतो, पाय वळलेले, तोंडाला फेस, अन्नाची पिशवी दाण्यांनी टम्म भरलेली. असा भरल्या पोटाचा, काल धडधाकट असलेला पक्षी एकदम कोसळला तर विषाचा विचार आधी करावा. कीटकनाशक चोळलेलं मक्याचं, भुईमुगाचं बी मातीवर उघडं पडलेलं असतं, ते मोर टिपतो. बी पूर्ण मातीआड करा, बांधावर सांडलेलं गोळा करा. फोरेटसारख्या जहाल औषधावर २०२० च्या अखेरीपासून देशात बंदी आहे, जुन्या डब्यात शिल्लक असेल तर वापरू नका. गव्हाणी घुबड नाकातून रक्त येऊन, सुस्त होऊन पडलं, तर जवळपास कुणीतरी उंदराच्या वड्या टाकल्या आहेत का ते विचारा. त्या वड्यांनी रक्त गोठणं थांबतं, उंदीर मरायला काही दिवस घेतो, तोवर त्याला घुबड किंवा मुंगूस खातं. ज्या घुबडाचं एक कुटुंब एका हंगामात शेकडो उंदीर फस्त करतं, त्यालाच आपण मारतो. उसाच्या फडाजवळ आणि भाताच्या गोदामाजवळ मी पिंजरेच लावायला सांगते.

खानापूर पट्ट्यात वानर मेलं तर

इथं मला सावकाश बोलायचं आहे, कारण माझं माहेर जांबोटीकडचं आणि वडिलांची काजूची बाग जंगलाला लागून आहे.

वानर किंवा लाल तोंडाचं माकड बागेत मेलेलं सापडलं, तर ते म्हातारं असेल, कुत्र्यानं मारलं असेल, तारेचा धक्का बसला असेल. पण डिसेंबर ते मे या महिन्यांत पहिला संशय माकडतापाचा धरायचा. १९५७ साली शिमोगा जिल्ह्यातल्या क्यासनूर जंगलात वानरं-माकडं मोठ्या संख्येनं मेली आणि पाठोपाठ गावकरी तापानं आजारी पडले, तेव्हा हा विषाणू सापडला. कानडीत त्याला मंगन कायिले म्हणतात. पुढं तो घाटाच्या कडेकडेनं सरकत आला. २०१५ मध्ये गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातलं पाली गाव, २०१६ मध्ये आपल्या तिळारी घाटाच्या पायथ्याचा दोडामार्ग. चोर्ला घाट उतरलं की सत्तरी, तिळारी उतरलं की दोडामार्ग. काजूच्या हंगामात आपल्याकडची माणसं तिकडच्या बागांत मजुरीला जातात. हा रोग आपल्या उंबऱ्याशी आहे असं धरून चालणं शहाणपणाचं.

पसरवणारा खरा गडी गोचीड आहे. जंगलातले बारीक गोचीड, खसखशीच्या दाण्याएवढे पिल्लू गोचीड, पालापाचोळ्यात असतात. ते वानराला चावतात, वानर आजारी पडून मरतं. मेलेलं अंग थंड पडायला लागलं की अंगावरचे गोचीड खाली उतरून नवा आधार शोधतात. म्हणून मेलेल्या वानराच्या भोवतालची जागा सगळ्यात धोक्याची. आणि नेमकं तिथंच आपण काय करतो? माणसं गोळा होतात, हळद-कुंकू वाहतात, खांद्यावर घेऊन पुरायला नेतात. मारुतीचा अवतार म्हणून जी भावना आहे ती मला समजते, माझ्या वडिलांनीही तसंच केलं होतं. पण त्याला लांबून हात जोडा. मुलांना, कुत्र्यांना, गुरांना त्या भागात जाऊ देऊ नका. वनखात्याला आणि जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्राला दोघांनाही कळवा. ते नमुना घेतात, जागेभोवती गोचीड मारायची पावडर टाकतात आणि मग शव जाळतात.

बागेत काय बदललं ते सांगते. वडील पूर्वी काजूखालचा पाला बुट्ट्या भरभरून गोठ्यात अंथरायला आणायचे. त्या पाल्याबरोबर गोचीड गोठ्यात येतात, गुरांना चिकटतात. गुरं या रोगानं आजारी पडत नाहीत, पण मोठे गोचीड त्यांच्या रक्तावर पोसतात आणि संख्या वाढते. आता हंगामात जंगलाकडेचा पाला आणणं बंद केलंय, अंथरायला भाताचं पिंजर वापरतात. गुरांना गोचिडाचं औषध जनावरांच्या डॉक्टरांना विचारून. बागेत जाताना अंगभर कपडे, पायजमा मोज्यात खोचलेला, उघड्या अंगाला आरोग्य खात्याकडून मिळणारं, गोचीड लांब ठेवणारं डेपा तेल. परत आल्यावर कपडे गरम पाण्यात आणि अंघोळ करताना काखा, गुडघ्यामागं, कमरेपाशी नीट तपासायचं. चिकटलेला गोचीड चिमट्यानं कातडीलगत धरून सरळ ओढायचा, बोटांनी चिरडायचा नाही.

गोचीड चावल्यावर साधारण तीन ते आठ दिवसांत एकदम कडक ताप, डोकं फुटल्यासारखं दुखणं, अंग मोडून येणं सुरू झालं, तर दवाखान्यात "मी काजूच्या बागेत होतो, तिथं वानर मेलं होतं" हे स्वतःहून सांगा. हे वाक्य नसेल तर डॉक्टर साहजिकच मलेरिया, डेंगीच्या मागं जातात. माणसाकडून माणसाला तो होत नाही, त्यामुळं आजाऱ्याला वाळीत टाकायचं कारण नाही. खास औषध नाही, पण वेळेवर सलाइन, विश्रांती आणि रक्तस्रावावर लक्ष यानं बहुतेक माणसं बरी होतात.

वानरांना खाऊ घालणं थांबवा, हेही इथंच सांगते. घाटात गाडी थांबवून केळी, बिस्किटं, कुंदा वाटणारी मंडळी मी दर रविवारी बघते. टोळ्या रस्त्याकडेला, बागांत, माणसांत येऊन राहतात. एकमेकांच्या तोंडातलं खाऊन त्यांच्यातले रोगही वाढतात.

कांडेचोर, मुंगूस, वटवाघूळ

उदमांजर, ज्याला आपल्याकडं कांडेचोर म्हणतात, ते रात्री हिंडणारं. ते भरदुपारी परड्यात झोकांड्या खात फिरताना दिसलं, लाळ गळतेय, माणसाची भीती नाही, तर ते रेबीज किंवा डिस्टेंपर (कुत्र्यांना होणारा एक विषाणूचा रोग) यांपैकी काही असू शकतं. मुंगूस आणि कोल्ह्यालाही हेच लागू. बघून कुठला रोग ते ठरवता येत नाही, म्हणून दोन्हींना रेबीज समजूनच वागा. दार लावा, कुत्रं बांधा, फोन करा. डिस्टेंपर माणसाला होत नाही, पण लस न दिलेल्या कुत्र्याला होतो, आणि कुत्र्याकडून रानातल्या प्राण्यांना. आपल्या आणि गल्लीतल्या कुत्र्यांना दोन्ही लशी देणं हेच रानातल्या प्राण्यांचंही संरक्षण. चावलं किंवा ओरबाडलं, तर वाहत्या पाण्याखाली साबणानं पंधरा मिनिटं धुवा आणि त्याच दिवशी लस सुरू करा. हळद, चुना, मिरचीची पूड काही लावू नका. चानी, म्हणजे खार, चावली म्हणून घाबरलेले लोकही भेटतात. खारीत आणि उंदरात रेबीज जवळजवळ सापडत नाही, तरी जखम धुवा आणि डॉक्टरांना दाखवा.

जमिनीवर पडलेलं वटवाघूळ उघड्या हातानं उचलू नका, एवढं पाळलं की पुरे. त्यांना हाकलून लावायची काहीच गरज नाही. भीमगड अभयारण्यातल्या बारापेडे गुहांत रॉटनचं वटवाघूळ राहतं, जगात फार थोड्या ठिकाणी सापडणारं. आपल्या खानापूर तालुक्याचं हे वैभव आहे. पेरूवर दाताच्या खुणा असतील तर तो पेरू खाऊ नका, झाडाखाली टाकून द्या.

फोन कुणाला, बोलायचं काय

वनखात्याचा मदत क्रमांक १९२६, जनावरांच्या फिरत्या दवाखान्याचा १९६२. आपल्याकडं अडचण भाषेची होते. सासूबाई फोन हातात घेऊन थांबायच्या, पलीकडून कानडी आलं की माझ्याकडं द्यायच्या. म्हणून चार शब्द भिंतीवर लिहून ठेवलेत. मोर म्हणजे नविलु, माकड म्हणजे कोती, बोलीत मंग्या, पारवा म्हणजे पारिवाळ, मुंगसाला मुंगुसि. "कोती सत्तिदे" म्हणजे माकड मेलंय. गावाचं नाव आणि जवळची खूण सांगितली की बाकीचं ते विचारून घेतात. बहुतेक वनरक्षकांना मराठी कळतंही.

मोर, वानर, मुंगूस, घुबड मेलं तर आपण पुरायचं नाही. १९७२ च्या वन्यजीव कायद्याखाली त्यांची जबाबदारी वनखात्याची, आणि मोराची पिसं काढून घेणं तर नकोच. एखाददुसरा होला किंवा साळुंकी मेली असेल तर हातात दुहेरी प्लास्टिकची पिशवी घालून उचला, विहिरीपासून लांब दोन-तीन फूट खोल खड्ड्यात वर चुना टाकून पुरा. नाल्यात टाकू नका. आजारी पक्षी सापडला तर अंधाऱ्या, हवा येणाऱ्या खोक्यात शांत ठेवा आणि फोन करा. चमच्यानं चोचीत पाणी ओतायचं नाही. ते श्वासनळीत जातं आणि पक्षी आपल्या हातात मरतो. आमच्या पहिल्या वर्षीच्या चारांपैकी एक तसाच गेला असावा, असं मला आता वाटतं.

स्वयंपाकघराच्या दारामागं आता एक वही टांगली आहे. तारीख, कुठला पक्षी, किती, कुठं पडला, चोच ओली की कोरडी, मान सरळ की वाकडी, एवढंच लिहायचं. त्या दिवशी पशुवैद्यांनी पहिला प्रश्न विचारला होता, "हे कधीपासून सुरू झालं?" तेव्हा सासूबाई, अक्का आणि मी, तिघींनी तीन वेगळे महिने सांगितले होते.